सोयरीक-तक्ता : अण्णांच्या कार्डांवरून संगणकावर (प्रकल्प नोंदी, सातारा)

९ जून २०२४

आज कामाला हात घातला. शुक्रवार पेठेत अण्णांच्या माडीवरचे पत्र्याचे डबे खाली उतरवले, ओल धरलेली कार्डं वेगळी काढून पंख्याखाली पसरली. अण्णा उभी हयात छापखान्यात कंपोझिटर होते. खिळे उलटे वाचायची सवय असल्यामुळे मोडी आपली आपण शिकताना फार जड गेलं नाही, असं ते सांगतात. कॉलेजचं तोंड त्यांनी पाहिलेलं नाही. पण साताऱ्याचे छत्रपती, फलटणचे नाईक-निंबाळकर, औंधचे पंतप्रतिनिधी, भोरचे पंतसचिव, जतचे डफळे, अक्कलकोटचे भोसले, सांगली-मिरजेचे पटवर्धन, या घरांत कोण कुणाची लेक आणि कोण कुठून दत्तक, हे विचारायला मोठमोठे पदवीधर याच माडीचा जिना चढून येतात.

कार्डं म्हणजे लग्नपत्रिकांचे उरलेले कोरे पुठ्ठे. एका माणसाला एक कार्ड, आणि बाईलाही स्वतंत्र कार्ड, हा पहिल्यापासूनचा नियम. डाव्या कोपऱ्यात माहेर, उजव्या कोपऱ्यात सासर, मधे मुलंबाळं, खाली पुरावा. पुराव्याला रंग ठरलेले आहेत: त्याच काळातला अस्सल कागद असेल तर निळी शाई, शिलालेख किंवा समाधी असेल तर हिरवी, बखरीतली माहिती तांबडी आणि तोंडी ऐकलेलं पेन्सिलनं. एखाद्या कार्डावर चारही रंग दिसतात. मग कुठल्या ओळीवर किती भार टाकायचा, ते न विचारता कळतं.

ही सगळी कार्डं ग्रॅम्प्स नावाच्या मोफत प्रोग्रॅममध्ये भरायची आहेत. त्यात प्रत्येक पुराव्याला विश्वासाची पातळी देता येते, अगदी कमीपासून अगदी जास्तपर्यंत. अण्णांच्या शाया तिथे जशाच्या तशा उतरतील.

११ जून

वाई तालुक्यातलं एक इनामदार घराणं आपली जुनी वंशावळ घेऊन आलं होतं. चतकोर-चतकोर कागद खळीनं जोडून केलेला लांबलचक पट, वर मूळपुरुष, खाली वर्तुळांत नावं. नावं सगळी पुरुषांची. एकाही वर्तुळात बाई नाही, कुणाची बायको कुठल्या गावची याचा पत्ता नाही.

अण्णांनी पट नीट उलगडला, घडीच्या भेगांवरून बोट फिरवलं आणि आलेल्यांना विचारलं, "हा कागद कुणापुढं मांडायला केला होता?" त्यांना ठाऊक नव्हतं. मागच्या बाजूला इंग्रजी कचेरीचा शिक्का निघाला.

मला अण्णांकडून जे सगळ्यात मोठं शिकायला मिळालं ते हेच. वंशावळ कुणी हौसेनं काढत नसे. वाटणीचा तंटा पडला, दत्तकाला कुणी हरकत घेतली, सरकारनं सनद मागितली, की वंशावळ काढायची. १८५२ च्या कायद्यानं इनाम कमिशनला, म्हणजे इनामांची तपासणी करणाऱ्या सरकारी मंडळाला, जोर आला आणि दक्षिण महाराष्ट्रातल्या घराघरांतून हक्काचे दाखले मागवले गेले. आज देवघरात जपलेल्या कितीतरी वंशावळी त्या धांदलीत तयार झाल्या. ज्याचा वतनात वाटा तो पटावर आला. मुलीला वाटा नाही, म्हणून तिला वर्तुळ नाही. निपुत्रिक गेलेला भाऊ पुष्कळदा गाळला जाई. लेकावळ्यांची, म्हणजे लग्नाबाहेरच्या संततीची, तर गोष्टच सोडा.

म्हणून वंशावळ हातात आली की आधी ती कोणत्या कामासाठी लिहिली ते पाहायचं, नावं मागाहून. आणि जे वाट्याबाहेर राहिले त्यांना दुसऱ्या कागदांत शोधायचं. आमचा सोयरीक-तक्ता त्याच कामासाठी आहे.

१६ जून

फलटणचा डबा उघडला. सईबाईंचं कार्ड वापरून वापरून मऊ पडलंय. माहेर: नाईक-निंबाळकर, फलटण. सासर: भोसले. मृत्यू: राजगड, ५ सप्टेंबर १६५९. त्या वेळी संभाजीराजे दोन वर्षांचे होते.

या कार्डाला दोऱ्यानं आणखी दोन कार्डं बांधलेली आहेत. एक मालोजीराजांच्या पत्नी उमाबाईंचं, म्हणजे शिवाजीमहाराजांच्या आजीचं. बखरी त्यांना दीपाबाईही म्हणतात. माहेर फलटणच. दुसरं सखूबाईंचं, सईबाईंच्या थोरल्या लेकीचं. त्यांना बजाजी निंबाळकरांच्या मुलाला, महादजींना दिलं. बजाजी हे सईबाईंचे भाऊ. म्हणजे सखूबाई मामाच्या घरी सून म्हणून गेल्या. एक मुलगी फलटणहून भोसल्यांकडे आली, दोन पिढ्यांनी दुसरी आली, आणि तिची लेक परत फलटणला गेली.

प्रोग्रॅमला हे पचेना. त्याला वरून खाली फांद्या काढायची सवय, आणि इथे फांदी वळून पुन्हा त्याच खोडाला मिळते. तक्त्यात बजाजी दोनदा दिसू लागले, एकदा सईबाईंचे भाऊ म्हणून आणि एकदा सखूबाईंचे सासरे म्हणून. झाडाचा नमुना सोडून जाळ्याचा नमुना घेतला, तेव्हा कुठे सगळं एका जागी आलं. मराठा घराण्यांत आते-मामे भावंडांची लग्नं मान्य आहेत. त्यांच्यासाठी नुसत्या झाडाचा तक्ता पुरा पडायचा नाही, हे आता पक्कं.

अण्णा चहा घेत म्हणाले, "बजाजीची गोष्टही नोंदीत घाल गं." बजाजी विजापूरच्या दरबारात मुसलमान झाले होते. त्यांना परत धर्मात घेतलं आणि नुसतं घेतलं नाही, तर त्यांच्या मुलाला भोसल्यांनी आपली लेक दिली. बाकीच्या मराठे मंडळींना त्यांच्याशी पंगतीला बसायला याहून मोठी हमी कोणती लागणार होती? धर्मशास्त्रानं मिळाली नसती ती खात्री एका लग्नानं मिळाली.

२३ जून

आजचा सगळा वेळ तारखांत गेला. ग्रॅम्प्समध्ये ग्रेगोरियन, ज्युलियन, इस्लामी, हिब्रू अशी पंचांगं आहेत, पण शालिवाहन शक नाही आणि शुहूर सनही नाही. आमचे निम्मे कागद शुहूर सनाचे. त्यात साल अरबी आकड्यांच्या शब्दांत लिहितात, एकं आधी, मग दहं, मग शतक. "इसन्ने खमसैन मया व अलफ" म्हणजे दोन, पन्नास, शंभर आणि हजार, मिळून ११५२. त्यात ५९९ मिळवले की १७५१. पण हे साल मृगापासून मृगापर्यंत चालतं, म्हणून पावसाळा संपल्यावरच्या कागदाला १७५१ आणि पुढच्या चैत्रातल्या कागदाला १७५२. महिना मात्र हिजरीचा: "छ" लिहून चंद्राची तारीख आणि मग रबिलावल, जमादिलाखर असं काहीतरी. अण्णा हे बोटांवर करतात. मी त्यासाठी एक लहानसं कोष्टक बनवलं.

दुसरी अडचण इंग्रजी तारखांची. शिवजन्माची १९ फेब्रुवारी १६३० ही जुन्या, ज्युलियन पंचांगाची तारीख. आजच्या पंचांगानं मोजली तर ती १ मार्च होते. राज्याभिषेकाचा ६ जून १६७४ सुद्धा जुन्याच मापाचा. एका कार्डावर एक माप आणि दुसऱ्यावर दुसरं असं झालं, तर मुलाचा जन्म आणि आजोबांचा मृत्यू यांत दहा दिवसांचा घोळ पडतो, आणि मग त्या दहा दिवसांवर कुणीतरी सिद्धांत मांडतं. ठरवलं की मुख्य जागी तिथी आणि शक ठेवायचे. फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. इंग्रजी तारीख त्यांच्या मागून, आणि कुठल्या पंचांगाची ते लिहून.

३० जून

पाऊस. दिवसभर वीज नाही. भिजलेल्या डब्यातली कार्डं हातानंच वहीत उतरवून घेतली.

७ जुलै

तळबीडला जाऊन आले. कऱ्हाडपासून जवळच. सरसेनापती हंबीरराव मोहित्यांचं गाव.

मोहित्यांचा डबा म्हणजे या कामाचा गाभा, असं माझं मत आता झालंय. शहाजीराजांच्या दुसऱ्या पत्नी तुकाबाई मोहित्यांच्या. त्यांचे पुत्र व्यंकोजी तंजावरला गेले, आणि त्यांच्या वंशजांनी १८०३ मध्ये बृहदीश्वराच्या देवळाच्या भिंतींवर भोसल्यांचा सगळा वंश मराठीत कोरून ठेवला. सोयराबाई मोहित्यांच्या, हंबीररावांच्या बहीण. ताराबाई हंबीररावांच्या कन्या, त्यांना राजारामांना दिलं. म्हणजे सोयराबाई ताराबाईंच्या आत्याही आणि सासूही.

हे तीन धागे धरून १६८० सालाकडे पाहिलं की त्या वर्षाचं मोठेपण कळतं. महाराज गेले. सोयराबाई आणि काही प्रधान राजारामांना गादीवर बसवायला निघाले. सैन्य हंबीररावांच्या हाती. राजाराम त्यांचा सख्खा भाचा, बहीण राजमाता व्हायच्या बेतात. आणि हंबीरराव संभाजीराजांच्या बाजूनं उभे राहिले. नुसता "सेनापती संभाजीराजांना मिळाले" असं वाचलं तर ते एक राजकारण वाटतं. नातं समोर ठेवून वाचलं की त्या माणसानं काय बाजूला ठेवलं ते दिसतं. १६८७ मध्ये वाईच्या लढाईत ते पडले. तेरा वर्षांनी राजाराम सिंहगडावर वारले, आणि औरंगजेबाच्या फौजांपुढे राज्य सांभाळलं ते हंबीररावांच्याच लेकीनं, ताराबाईंनी.

पुरुषांच्या वंशावळीत यातलं काही सापडत नाही. भोसल्यांच्या पटावर मोहिते नाहीत आणि मोहित्यांच्या पटावर सोयराबाई नाहीत.

१४ जुलै

शिर्के. येसूबाई पिलाजी शिर्क्यांच्या कन्या, संभाजीराजांना दिलेल्या. महाराजांची लेक राजकुंवर पिलाजींच्या मुलाला, गणोजींना दिली. सरळ साटंलोटं. दोन्ही कार्डं एकमेकांना जोडली.

२१ जुलै

सांगलीहून आलेल्या एका अभ्यासक मुलानं विचारलं की अक्कलकोटकर भोसले आणि सातारकर भोसले यांचा मूळपुरुष कोण. अण्णांनी त्याला खाली बसवलं आणि आडनावांचा डबा काढला. दुपार त्यातच गेली, पण अशा दुपारी टाइप केलेल्या पानांपेक्षा मोलाच्या.

अक्कलकोटच्या घराण्याचे मूळपुरुष फत्तेसिंह मूळचे लोखंडे. १७०७ मध्ये शाहूमहाराज मोगलांच्या कैदेतून सुटून येत असताना पारद गावी चकमक झाली, गावचा पाटील मारला गेला, आणि पाटलीणबाईंनी आपलं पोर महाराजांच्या पायावर घातलं. महाराजांनी ते पदरात घेतलं, विजयाची आठवण म्हणून नाव फत्तेसिंह ठेवलं आणि भोसले आडनाव दिलं. इचलकरंजीचे घोरपडे मूळचे जोशी, ब्राह्मण. संताजी घोरपड्यांनी नारो महादेवांना हाताशी धरून वर आणलं, त्या उपकाराची आठवण म्हणून त्यांनी धन्याचंच आडनाव लावलं. जतचे डफळे मूळचे चव्हाण, डफळापुरावरून डफळे झाले. निंबाळकर आपल्याला पवार म्हणवतात. निंबळक गावावरून निंबाळकर. वाईचे रास्ते मूळ गोखले; नानासाहेब पेशव्यांच्या पत्नी गोपिकाबाई याच घरच्या.

"आडनावावरून रक्त ठरवू नको आणि रक्तावरून माया ठरवू नको," अण्णा त्या मुलाला म्हणाले. तो लिहून घेत होता.

तक्त्यात आता आडनावाचे दोन रकाने: मूळ आणि लावलेलं. लावलेल्या आडनावापुढे कुणी दिलं तेही.

४ ऑगस्ट

साताऱ्याजवळ लिंबला गेलो, अण्णाही आले. पावसाची उघडीप होती. बारा मोटेची विहीर पाहायला लोक येतात, फोटो काढतात आणि जातात. अण्णा थेट शिलालेखापाशी गेले, ओला रुमाल फिरवून अक्षरं पुसली आणि एकेक अक्षर बोटानं चाचपत वाचलं. शके १६४१ ते १६४६, म्हणजे १७१९ ते १७२४. बांधणाऱ्या विरूबाई.

विरूबाई शाहूमहाराजांच्या लग्नाच्या राणी नव्हत्या. पण राजवाड्याचा सगळा कारभार त्यांच्या शब्दानं चाले. वंशावळीत त्यांना जागा नाही आणि दगडावर आहे. १७४० मध्ये त्या वारल्या, तेव्हा क्रियाकर्म केलं ते फत्तेसिंहांनी. मागच्या नोंदीतलं पारद गावचं पोर ते हेच. त्यांना या बाईंनी लेकासारखं वाढवलं होतं. पुढे अक्कलकोटचं संस्थान उभं राहिलं, त्याची मुळं या मायलेकाच्या नात्यात आहेत, आणि या नात्यात रक्ताचा थेंबही नाही.

विहिरीवरच्या महालात बसून दोघांची कार्डं जोडली. प्रोग्रॅममध्ये अपत्याचं नातं जन्माचं, दत्तकाचं, सांभाळाचं असं निवडता येतं. "सांभाळ" निवडलं. विरूबाईंच्या कार्डाचा खालचा भाग आतापर्यंत तांबडाच होता. अण्णांनी खिशातून हिरवं पेन काढून तिथंच लिहिलं.

१८ ऑगस्ट

रामराजा. या एका कार्डावर आमची सकाळपासून वादावादी.

शाहूमहाराजांना पुत्र राहिला नाही. ताराबाईंनी सांगितलं की आपला नातू, दुसऱ्या शिवाजीचा मुलगा, लपवून वाढवलेला आहे. महाराजांनी त्याला वारस मानलं. १५ डिसेंबर १७४९ ला महाराज गेले आणि जानेवारी १७५० मध्ये रामराजा साताऱ्याच्या गादीवर बसले. पेशव्यांना बाजूला सारायला ते तयार होईनात, तेव्हा नोव्हेंबर १७५० मध्ये ताराबाईंनीच त्यांना साताऱ्याच्या किल्ल्यावर कैद केलं. सप्टेंबर १७५२ मध्ये जेजुरीला खंडोबापुढं शपथ घेऊन त्या म्हणाल्या की हा आपला नातू नाही.

माझं म्हणणं, शपथ खंडोबाची. त्या काळच्या बाईनं, त्यातही ताराबाईंसारख्या बाईनं, देवापुढं असं बोलणं ही लहान गोष्ट नव्हे. जन्माचं नातं काढून टाकावं.

अण्णांचं म्हणणं, "पोरी, आजीनं दोन जबाब दिले. एक सत्ता हातात येईल म्हणून, दुसरा ती हातातून गेली म्हणून. दोन्ही वेळेला गरज तिची. तिसरा जबाब बघ कुणाचा आहे." तिसरा जबाब दर्याबाई निंबाळकरांचा. रामराजांची बहीण म्हणून, बार्शीजवळच्या पानगावी, तिनंच त्याला सांभाळलं होतं. तिला गादी मिळायची नव्हती. सासरच्या घरात एक पोर वाढवायचं आणि बाहेर बोलायचं नाही, एवढंच तिच्या वाट्याला आलं.

पुन्हा एक लेक, पुन्हा निंबाळकरांच्या घरी दिलेली, आणि छत्रपतींच्या वंशाचा सगळ्यात अवघड प्रश्न तिच्या साक्षीवर येऊन थांबतो. यावर मला अण्णांचं पटलं.

प्रोग्रॅममध्ये एका माणसाला आईबापांच्या दोन जोड्या लावता येतात. शाहूमहाराजांकडची रेघ दत्तकाची, पूर्ण विश्वासाची. दुसऱ्या शिवाजीकडची रेघ जन्माची, आणि तिला तीन पुरावे वेगवेगळ्या पातळीचे: ताराबाईंचं आधीचं म्हणणं, जेजुरीची शपथ, दर्याबाईंचा सांभाळ. वाचणाऱ्यानं तिन्ही पाहून आपलं ठरवावं. पुरावा झाकून निकाल देणारा तक्ता आम्हाला करायचा नाही.

१ सप्टेंबर

दत्तकांचा डबा. रामराजा १७७७ मध्ये वारले, त्यांच्यामागे वावीकर भोसल्यांकडून दत्तक घेतलेला मुलगा गादीवर आला, तेच दुसरे शाहू. त्यांचे पुत्र प्रतापसिंह आणि शहाजी ऊर्फ आप्पासाहेब. प्रतापसिंहांना इंग्रजांनी १८३९ मध्ये पदच्युत करून काशीला पाठवलं; त्यांच्यासाठी रंगो बापूजी लंडनला जाऊन वर्षानुवर्षं भांडले. १८४८ च्या एप्रिलमध्ये शहाजीराजे गेले. त्यांनी अखेरच्या वेळी घेतलेला दत्तक डलहौसीनं नाकारला आणि राज्य खालसा केलं.

मराठ्यांच्या गाद्यांवर दत्तक ही रोजची वहिवाट होती. कोल्हापूरला १७६२ मध्ये जिजाबाईंनी खानवटकर भोसल्यांचा मुलगा घेतला. राजर्षी शाहू स्वतः कागलच्या घाटग्यांचे, १८८४ मध्ये दत्तक आले. १७७७ मध्ये जे चाललं ते १८४८ मध्ये चाललं नाही. शास्त्र तेच होतं, फक्त मान्यता देणारा हात बदलला होता. अण्णा या कार्डांवर दत्तकविधीच्या तारखेइतकीच ठळक नोंद एका गोष्टीची करतात: मान्यता कुणी दिली. मीही तो रकाना सक्तीचा केला.

२२ सप्टेंबर

सांगलीकडचा भाग सुरू. पटवर्धनांची घराणी कागदपत्रांच्या बाबतीत श्रीमंत. हरभट कोकणातल्या कोतवड्याचे, इचलकरंजीकर घोरपड्यांचे कुलोपाध्याय. गोविंद हरी, रामचंद्र हरी, त्रिंबक हरी हे मुलगे पेशवाईत तलवारीनं वर आले. मिरजेचे गोपाळराव गोविंद हरींचे, परशुरामभाऊ रामचंद्र हरींचे. पुढे चिंतामणराव आप्पासाहेबांचं काका गंगाधररावांशी पटेना, ते १८०१ मध्ये मिरजेतून बाहेर पडले आणि सांगली वेगळी झाली. हे सगळं वंशावळीत स्वच्छ मिळतं.

मिळत नाही ते हे, की कुलोपाध्यायाच्या मुलांना पुण्याचा दरवाजा कसा उघडला. त्याचं उत्तर अनूबाईंच्या कार्डावर आहे. अनूबाई बाळाजी विश्वनाथांची कन्या, बाजीरावांची बहीण. तिला इचलकरंजीच्या व्यंकटराव घोरपड्यांना दिलं. त्या लग्नानं इचलकरंजीकर पेशव्यांचे व्याही झाले, आणि त्यांच्या घरचे हरभट पेशव्यांच्या नजरेत आले. नवऱ्यामागे या बाईंनी इचलकरंजीची जहागीर कितीतरी वर्षं स्वतः चालवली.

एक अडचण ब्राह्मण घराण्यांत जास्त येते. लग्नात मुलीचं नाव बदलतं, त्यामुळे माहेरच्या यादीतली मुलगी आणि सासरच्या यादीतली सून एकच, हे नावावरून कळत नाही. दोन्ही घरांचे लग्नखर्चाचे कागद समोरासमोर ठेवून तिथी जुळवाव्या लागतात. ज्यांच्याकडे असे खर्डे, आहेराच्या याद्या, मुहूर्ताची टिपणं घरी पडून आहेत त्यांनी ती रद्दीत घालू नयेत, ही हात जोडून विनंती. जमाखर्चाचा कागद म्हणून लोक ते टाकतात, आणि मुलीचं जन्मनाव सांगणारा तोच एक कागद असतो.

अण्णांनी कुरुंदवाड आणि जमखिंडी शाखांचे डबे काढून ठेवलेत. पावसाळा ओसरला की मिरजेला जाऊन थोरल्या आणि धाकट्या पातीच्या सुनांची माहेरं जुळवायला बसायचं आहे.